आधी आक्काला विचार

पत्र आलंय छत्रपती संभाजीनगरहून. लिहिणारी छत्तीस वर्षांची, शाळेत शिक्षिका, एका मुलाची आई. सासर अंबाजोगाईजवळच्या गावातलं. पत्र मोठं आहे, त्यातलं महत्त्वाचं तेवढं तिच्याच शब्दांत देते.

“आमच्याकडे उभ्या महालक्ष्म्या असतात. पितळेचे मुखवटे, पाच पिढ्यांचे. सासरे जाऊन अकरा वर्षं झाली. थोरले दीर तीन वर्षांपूर्वी गेले, आणि गेल्या पौषात सासूबाईही गेल्या. थोरल्या जाऊबाईंना आम्ही आक्का म्हणतो. लग्न होऊन आल्यापासून बावीस वर्षं महालक्ष्म्यांचं सगळं त्यांनी केलं. दीर गेल्यावर आत्यासासूबाई म्हणाल्या, आता मुखवट्यांना हिचा हात नको. तेव्हापासून बसवायला मी जाते, स्वयंपाक आक्काच करतात. मागच्या वर्षी मी मुखवटे बसवत होते आणि आक्का स्वयंपाकघराच्या उंबऱ्याच्या आत उभ्या होत्या. तिथूनच म्हणाल्या, ‘डावीकडची जरा मान वळव, ती तशी बघत नाही.’ मी मान वळवली आणि मला रडू आलं.

आता सासूबाई नाहीत. आत्यासासूबाई आणि चुलत सासरे म्हणतात की महालक्ष्म्या आमच्या फ्लॅटवर आणाव्यात, गावात आता सवाष्ण नाही. आक्कांना फोन केला तर त्या म्हणाल्या, ‘न्या तिकडंच. मला आता काय कराचंय.’ यांना विचारलं तर म्हणतात, बायकांचं आहे, तू ठरव. मला आणायच्या नाहीत. पण नाही आणल्या आणि घरात काही वाईट घडलं तर? मुलगा यंदा दहावीला आहे. तुम्ही माझ्या आईच्या वयाच्या, म्हणून विचारते. मी काय करू?”

बाळ,

आईच्या वयाची म्हणालीस, तेव्हा मीही तुला अगं-तुगंच करते.

तुझं उत्तर तुझ्याच पत्रात आहे. “मला आणायच्या नाहीत,” असं तू लिहून बसली आहेस. मग मला विचारायचं उरलं ते एवढंच, की नाही कसं म्हणायचं, कुणी म्हणायचं आणि ती भीती कुठं ठेवायची. पण त्याआधी एक गोष्ट तुझ्याकडून राहून गेलीय. तू आक्काला विचारलंच नाहीस. तू तिला फोन करून आत्याबाईंचं म्हणणं सांगितलंस आणि ती “न्या तिकडंच” म्हणाली. हे विचारणं नव्हे, कळवणं आहे. जिला तीन वर्षं उंबऱ्याच्या आत उभं केलं, ती फोनवर दुसरं काय म्हणणार? “नका नेऊ, मला बसवू द्या,” असं म्हणायला तिला तोंड कुणी ठेवलंय?

मला माझी थोरली काकू आठवते. उदगीरकडचं आमचं घर, जुना माळवदाचा वाडा. काकू तिशीच्या आतच मागं राहिली होती. महालक्ष्म्यांच्या पूजनाच्या दिवशी पहाटे चारला चूल पेटायची ती तिच्या हातानं. पुरण तिनं वाटायचं, सोळा भाज्या तिनं निवडायच्या, ज्वारीच्या पिठाची आंबील तिनं शिजवायची. कटाच्या आमटीला फोडणी दुसऱ्या कुणी दिली तर आजोबांना लगेच कळायचं. आणि नैवेद्याची ताटं वाढून झाली, की काकू हात धुवायची आणि मागच्या जिन्यानं माळवदावर जाऊन बसायची. तिला जा असं कुणी म्हणायचं नाही. तिची तीच जायची. मी नऊ वर्षांची असेन. आरती झाल्यावर प्रसाद घेऊन वर गेले तर ती कठड्याला टेकून बसलेली. मनगटावर वाळलेली कणीक तशीच. मला म्हणाली, “काय करायलीस गं इथं? खाली जा.” आणि मी वळले तेव्हा हळूच, “दिवे नीट लागले का?” कणकेचे सोळा दिवे तिनंच तर वळले होते. एकही लागलेला तिनं पाहिला नव्हता.

मी “हो” म्हणाले आणि खाली पळाले. नंतर कितीतरी वर्षं मनात यायचं की हिला विचारावं, तुला खाली यावंसं वाटायचं का? विचारलं नाही. काकू गेली. म्हणून तुला म्हणते, आधी विचार.

आणि फोनवर नको. फोनवर माणूस शहाण्यासारखं बोलतो. श्रावण लागला की एक शनिवार-रविवार काढ आणि गावी जा. सणाचं निमित्त नको, नवऱ्याला नि मुलाला सोबत नेऊ नकोस. एक रात्र तिथं राहा. संध्याकाळी म्हण, “आक्का, ती पेटी काढू. मुखवटे चिंचेनं घासून ठेवू.” पेटी तिच्याच खोलीत असणार आणि किल्ली तिच्याच कमरेला. मुखवटे कुणाच्या तरी जुन्या लुगड्यात गुंडाळलेले असतील, ती घडी तिला सोडू दे. चिंचेचा कोळ आणि राख घेऊन दोघी परसात बसा. हाताला काम असलं की मन मोकळं होतं, आपल्याकडच्या बायकांचं सगळं महत्त्वाचं बोलणं असंच तर झालंय, शेंगा फोडताना नाहीतर शेवया करताना. तिथं तिला विचार. आत्याबाईंचं नाव काढू नकोस, फ्लॅटचा विषय काढू नकोस. एवढंच विचार: “आक्का, तुम्हाला काय वाटतं? तुम्हाला बसवायच्या आहेत का?”

ती लगेच काही बोलणार नाही. “लोक काय म्हणतील” म्हणेल. “माझं काय राहिलंय आता” म्हणेल. दोन्ही वाक्यांत “नाही” हा शब्द नाही, हे ध्यानात घे.

पण कदाचित ती खरंच नाही म्हणेल. त्याचीही तयारी ठेवून जा. बावीस वर्षं सोळा भाज्या, पुरणाचा घाट, शंभर पानं उठवायची, आणि पुढची तीन वर्षं तेच सगळं उंबऱ्याआडून. बाई थकते. तिला वाटत असेल की एका वर्षी आपल्याला कुणी तरी आयतं ताट वाढावं. असं असेल तर तिच्यावर सुधारणा लादू नकोस. चार लोकांत तिला कुंकू लावून आपण किती पुढारलेले आहोत हे दाखवण्यासाठी तिचं कपाळ वापरायचं नाही. ती म्हणाली “मी बसते, तू कर,” तर तिला बसव, पण देवीच्या समोर बसव. उंबऱ्याच्या आत नाही. माझं मागणं एवढंच आहे. हात लावायचा की नाही हे तिनं ठरवावं, आणि तिनं कुठं बसायचं हे मात्र आत्याबाईंनी ठरवू नये.

आता शास्त्राचं. तुला आत्यासासूबाईंपुढं बोलावं लागणार, तेव्हा हातात काही तरी हवं.

महालक्ष्म्यांचं शास्त्र कुठलं म्हणायचं? भाद्रपदात अनुराधा नक्षत्रावर त्या येतात, ज्येष्ठेवर जेवतात आणि मूळ नक्षत्रावर जातात, इथपर्यंत सगळीकडे एकमत. त्यापुढे प्रत्येक घर वेगळं. आपल्याकडे मराठवाड्यात आणि विदर्भात त्यांना महालक्ष्म्या म्हणतात, पुण्याकडे गौरी. कुणाकडे मुखवटे, कुणाकडे पाणवठ्यावरचे पाच-सात खडे, कुणाकडे तेरड्याची रोपं, कुणाकडे नुसता कागदावरचा रंगीत चेहरा. एका घरात पुरणपोळी, दुसऱ्या घरात घावन-घाटलं. काही घरांत तर सामिष नैवेद्य असतो. पूर्वी खालची कोठी धान्यानं भरायची, त्यावर देवीला उभं करायचं. आता लोखंडी स्टँड बाजारात मिळतो आणि सगळ्यांनी तो घेतलाय, तुमच्याकडेही असेल. तो आणला तेव्हा कुणी शास्त्र विचारलं होतं का? जे घर सोयीसाठी स्टँड आणू शकतं, ते माणसासाठी एक रीतही बदलू शकतं.

आत्याबाई कहाणी काढतील. ज्येष्ठागौरीच्या कहाणीत तळ्याकाठी त्या गरीब ब्राह्मणाला भेटते ती म्हातारी सवाशीण असते, असं त्या म्हणतील, आणि ते खरं आहे. पण तीच कहाणी पुढं वाचून दाखव. ज्या घरात कण्यासुद्धा नव्हत्या, ज्या घरातला बाप जीव द्यायला निघाला होता, त्या घरी ती आली. तिथं कण्यांचं मडकं भरलं. भरल्या घरी गेली असती तर कहाणीच झाली नसती. कहाणी लहानपणापासून ऐकत आलेल्या बाईनं म्हणावं की देवी दुःखी घर टाळते, हे मला पटत नाही.

आणि तुमच्या गावापासून अंबाजोगाई किती लांब गं? योगेश्वरीची आख्यायिका तुला मी सांगायला नको. परळीच्या वैजनाथाशी लग्न ठरलं होतं, मुहूर्त टळला, वऱ्हाड दगडाचं झालं, देवी कुमारिकाच राहिली. नवरात्रात आत्याबाई तिची ओटी भरायला जातात ना? तिच्या कपाळीचं कुंकू आपल्या कपाळाला लावतात ना? तिथं नवरा आहे की नाही हे कुणी विचारत नाही. आणि परळीचं वैजनाथाचं देऊळ, ज्याच्या पायऱ्या चढून आपण सगळे श्रावणी सोमवारी बेल वाहतो, त्याचा जीर्णोद्धार केला अहिल्यादेवींनी. वेरूळच्या घृष्णेश्वराचाही त्यांनीच केला. १७५४ साली कुंभेरच्या वेढ्यात त्यांचे पती खंडेराव गेले. त्यानंतर चाळीस वर्षं ती बाई रोज महादेवाची पूजा करत होती आणि देशभर देवळं बांधत होती. मराठवाड्यातली दोन ज्योतिर्लिंगं जिच्या हातची आहेत, ती सवाष्ण नव्हती. हे मी वादासाठी सांगत नाही. देवाला कुणाचा हात चालतो याचा दाखला आपल्या पायाखाली आहे, म्हणून सांगते.

अलीकडचं हवं असेल तर तेही आहे. कोल्हापूर जिल्ह्यातल्या शिरोळ तालुक्यात हेरवाड म्हणून गाव आहे. तिथल्या ग्रामपंचायतीनं मे २०२२ मध्ये ठराव केला, की नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसायचं, मंगळसूत्र तोडायचं, बांगड्या फोडायच्या, जोडवी काढायची, हे आमच्या गावात बंद. त्याच महिन्यात राज्याच्या ग्रामविकास विभागानं परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींनाही हाच कित्ता गिरवायला सांगितलं. तुमच्या गावानं असा ठराव केला असेल किंवा नसेल. पण सरपंचांना जाऊन विचारायला काही लागत नाही, आणि तू शिक्षिका आहेस, तुझा शब्द ते ऐकून घेतील. मात्र हे भाद्रपदाच्या आधी नको. आधी घर, मग गाव.

तुझ्या सासूबाईंचाही विचार मनात येतो. सासरे गेल्यावर आठ वर्षं त्या काय करत होत्या? तू लिहिलेलं नाहीस, पण माझा अंदाज आहे की पाटावर बसून सांगत होत्या, आणि हात आक्काचे चालत होते. म्हणजे ही रीत एकीकडून दुसरीकडे आली. सासूनं मुकाट्यानं सोसलं, मग सुनेनं. आज तुझ्याकडे देताहेत, कारण आज तुझ्या कपाळाला कुंकू आहे. मला अभद्र बोलायचं नाही, तुमचा जोडा शंभर वर्षं राहो. पण जो मान आपला नवरा जिवंत असण्यावर अवलंबून आहे, तो घेताना तुझा हात थरथरला, म्हणून तर तुला त्या दिवशी रडू आलं.

नवऱ्याविषयी. “बायकांचं आहे, तू ठरव” हे ऐकायला मोठेपणाचं वाटतं. पण तू ठरवलंस, की आत्याबाई तुला बोलणार. “कालची आलेली, घरचा कुळाचार मोडला,” असं म्हणणार. त्याला कुणी बोलणार नाही. आत्या त्याची आहे, चुलते त्याचे आहेत. गेलेला भाऊ त्याचा आहे. लहानपणी ज्या वहिनीच्या हातच्या दशम्या घेऊन तो शाळेत गेला असेल, ती वहिनी त्याची आहे. फोन त्यानंच केला पाहिजे. त्याला बसवून सांग, आणि काय बोलायचं तेही सांग, कारण पुरुषांना अशा वेळी शब्द सापडत नाहीत: “आत्या, महालक्ष्म्या गावातच बसतील. वहिनी आणि ही मिळून बसवतील. तुम्ही दरवर्षीसारखं आवाहनाच्या दिवशीच या, तुमच्याशिवाय चालायचं नाही.” बस. कारणं द्यायची नाहीत. कारण दिलं की ते खोडायला माणूस तयारच असतो. आणि आत्याबाईंना बोलवायचंच, हे विसरू नकोस. म्हातारं माणूस आहे, माहेरचा एवढाच एक सण त्यांना उरलाय. त्यांना तोडून आक्काला जवळ करशील तर आक्कालाच ते खुपेल.

चुलत सासऱ्यांचं मात्र वेगळं आहे. तुझ्या पत्राच्या शेवटी एक वाक्य आहे, ते मी वर दिलं नाही. ते म्हणाले, “देव जिथं, घर तिथं.” हे वाक्य मला बरं वाटलं नाही. देव तुझ्या फ्लॅटवर गेले, की गावचं घर नुसतं घर उरेल, आणि मग त्या घरात आक्काचं काय, असा प्रश्न कुणी तरी सहज विचारील. ते तसल्या मनाचे नसतीलही. पण मी अशी घरं पाहिली आहेत जिथं आधी देवघर हललं आणि मागून बाई हलली. म्हणून विचारते, दीर गेल्यावर वारसनोंद झाली का? सातबाऱ्यावर आक्काचं आणि तिच्या लेकरांचं नाव चढलं का? १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याप्रमाणे नवऱ्याच्या हिश्श्यावर बायको, मुलं, मुलगा-मुलगी दोन्ही, आणि तेव्हा हयात असलेली त्याची आई, सारखेच वारस आहेत. खरं तर माणूस गेल्यावर तीन महिन्यांच्या आत कळवायचं असतं, पण उशीर झाला म्हणून हक्क जात नाही. तलाठ्याकडे मृत्यूचा दाखला, वारसांचं प्रतिज्ञापत्र आणि अर्ज द्यायचा. आता ई-हक्क प्रणालीतून ऑनलाइनही करता येतो. नोटीस निघते, हरकतीसाठी पंधरा दिवस जातात, मग मंडळ अधिकारी फेरफार मंजूर करतात. घर गावठाणात असेल तर ग्रामपंचायतीच्या नमुना आठला नाव लागलंय का तेही पाहायचं. हे तुझ्या नवऱ्यानं स्वतः, आक्काला सोबत घेऊन केलं, तर सोळा भाज्यांच्या नैवेद्याइतकंच ते देवीला पोचेल असं मला वाटतं.

आता भीती. “काही वाईट घडलं तर?”

बाई गं, वाईट घडतंच. तुमच्याकडे तीन वर्षांत दोन मोठी माणसं गेली, आणि त्या प्रत्येक वर्षी महालक्ष्म्या रीतसर बसल्या होत्या, सवाष्णीच्याच हातानं. त्यात देवीचा दोष नव्हता आणि तुमचाही नव्हता. मुलाच्या दहावीचं टेन्शन मी समजू शकते. पण त्याचे मार्क आणि आक्काचे हात यांची गाठ मनात बांधू नकोस. एकदा बांधली की पेपर अवघड गेला तरी तुझा डोळा आक्काकडे जाईल, तुझ्याही नकळत. आणि तो मुलगा सोबत असणार आहे ना सणाला? तो बघणार आहे. मोठी आई देवीला हात लावत नाही म्हणजे तिचं काही तरी चुकलंय, हे तो शिकेल, नाहीतर दुसरं काही शिकेल. तुझी भीती जाणार नाही एका पत्रानं. ती घेऊनच जा. देवीपुढं बसलीस की तिलाच सांग, मला भीती वाटते म्हणून. तिला सांगायला काय हरकत आहे, ती माहेरवाशीण आहे.

प्रत्यक्ष सणाचं थोडं सांगते, कारण अडचण नेहमी ऐन वेळी येते.

महालक्ष्म्या दोन आहेत, ज्येष्ठा आणि कनिष्ठा. तुम्ही जावा दोन आहात. थोरलीचा मुखवटा थोरलीनं आणावा, धाकटीचा धाकटीनं. उंबऱ्यापासून देवघरापर्यंत हळदी-कुंकवाची पावलं काढलेली असतील, त्यावरून दोघींनी बरोबरीनं चालत यायचं. “लक्ष्मी आली, कशाच्या पावलांनी आली?” “सोन्याच्या पावलांनी आली!” हे आक्काच्या आवाजात होऊ दे, बावीस वर्षं तिच्याच आवाजात झालंय. तुला मागं राहायचं आहे असं नाही, शेजारी राहायचं आहे.

हळदी-कुंकू हा सगळ्यात नाजूक भाग. एकीनं ताट घेऊन सगळ्यांना लावत जायचं आणि एका कपाळाशी येऊन थांबायचं, हे फार क्रूर असतं. ते थांबणं अर्ध्या क्षणाचं असतं, पण बाईला वर्षभर पुरतं. त्यापेक्षा करंडे नि आरसा देवीजवळ चौरंगावर ठेवून द्या. येणारी प्रत्येक बाई स्वतः देवीला वाहील आणि स्वतःला लावील. कुणी कुंकू घेईल, कुणी नुसती हळद, कुणी काहीच नाही, गजरा उचलील. आक्कानं काय घेतलं हे बघायचं नाही. तूही बघू नकोस.

सवाष्ण म्हणून जेवायला घालता ना? घाला. फक्त त्या पंगतीत गावातल्या दोन-तीन अशा बायका बोलवा ज्यांना हल्ली कुणी बोलवत नाही. आपल्या मराठवाड्यात गावोगावी अशा किती बाया आहेत, कर्त्या पुरुषानं दुष्काळात जीव दिला आणि त्या मागं राहिल्या, शेत ओढताहेत, लेकरं शिकवताहेत. त्यांना श्राद्धाच्या कामाला बोलावतात, सणाच्या ताटावर नाही. आक्काला विचार कुणाला बोलवायचं. तिला नावं पाठ असतील.

सासूबाईंचं वर्षश्राद्ध अजून व्हायचं आहे, तर यंदा सण करावा का, असंही कुणी म्हणेल. कुळाचार बऱ्याच घरांत मोडत नाहीत, पण त्या वर्षी नवी लुगडी, फुलोरा, रोषणाई कमी करतात. तुमच्या घरची रीत काय ते आक्काला माहीत असणार. सासऱ्यांच्या वेळी काय केलं होतं ते तिलाच विचार. आणि भाज्या खरंच सोळा हव्यात, पण प्रत्येकीची वेगळी कढई चढवायला पाहिजे असं कुठं आहे? आमच्याकडे आता सोळा जिन्नस एकत्र शिजवतात, पडवळ तेवढं कढीत जातं, आणि काकू असती तर नाक मुरडलं असतं, पण तिची पाठ दुखायची थांबली असती.

पूजन झालं, आरती झाली, की कणकेचे दिवे लावायला काडेपेटी आक्काच्या हातात दे. काही बोलू नकोस. नुसती दे.

गावी जाताना शहरातून फार काही नेऊ नकोस. साड्या नकोत, तयार फुलोऱ्याचा पुडा तर मुळीच नको. आणि महालक्ष्मीच्या सोळा पदरी दोऱ्यासाठी सूत विकत घेऊ नकोस. आक्काकडे मागच्या वर्षीचं उरलेलं असेल, कणगीमागच्या कोनाड्यात नाहीतर उतरंडीच्या एखाद्या गाडग्यात. ते तिच्याकडून मागून घे, आणि गाठी कशा मारायच्या ते पुन्हा एकदा शिकव म्हण. तुला येत असल्या तरी.

तुझी,
लातूरची काकू